सातव्या पेटीचा दिवा

"मामा, पाणी!"

मी इतक्या जोरात ओरडले की कुंपणाबाहेर चरणाऱ्या म्हशीनंही मान वर केली. शेडगे मामा बादली घेऊन फाटकाशी उभे होते. त्यांनी बादली शांतपणे खाली ठेवली आणि माझ्याकडे कीव आल्यासारखं बघितलं.

"मॅडम, दीड वरीस झालं मला हितं. म्या पानी आत न्हेईन व्हय? तुळशीला घालाय आनलंय."

तुळस त्यांनीच लावलेली होती, तेलाच्या डब्यात, 'पाणी आत आणू नये' या लाल पाटीच्या बरोब्बर खाली. मी ओशाळले. पण मामांना कोणाला ओशाळं करून ठेवायची सवय नव्हती. ते हसले आणि म्हणाले, "वराडलात त्ये बेस केलंत. वराडायचंच आसतं."

खंडेनवमीचा दिवस होता. सातारा जिल्ह्यातल्या आमच्या त्या उघड्याबोडक्या पठाराला लोक वाघजाईचा सडा म्हणायचे. काळा कातळ, गुडघ्याएवढं गवत, पवनचक्क्या आणि वारा. वारा रात्री जास्त वाहायचा आणि विजेची गरज संध्याकाळी असायची, म्हणून आमच्या कंपनीनं परदेशातून एक प्रचंड बॅटरी आणून सड्यावर बसवली होती. रात्रीची वीज साठवायची आणि संध्याकाळी सोडायची. आठ लोखंडी पेट्या, एकेक पेटी ट्रॅक्टरच्या ट्रॉलीएवढी. आत शेकडो नळकांडी वाळूत उभी रोवलेली. प्रत्येक नळकांड्यात एका बाजूला सोडियम, दुसऱ्या बाजूला गंधक, दोन्ही वितळलेली, आणि मध्ये चिनी मातीची एक पातळ नळी. ही दोन्ही द्रव्यं वितळलेली राहावीत म्हणून पेट्या रात्रंदिवस तीनशे अंशांच्या वर तापवून ठेवायच्या. थंड झाल्या की आतलं सगळं गोठतं आणि नळीवर ताण येतो. नळीला तडा गेला की गंधक आणि सोडियम समोरासमोर येतात, आणि मग आग. त्या आगीवर पाणी टाकलं तर ती दसपट होते. सोडियमचं आणि पाण्याचं हाडवैर.

हे सगळं मी मामांना पहिल्या आठवड्यात खडूनं फळ्यावर आकृत्या काढून शिकवलं होतं. ते बावीस वर्षं साखर कारखान्याच्या बॉयलरवर काम केलेले गृहस्थ. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हंजी बाळंतिनीची खोली. ऊब ऱ्हायली पायजे, आन् पान्याचा थेंब आत जाता कामा न्हाय." मी फळा पुसला. माझ्या आकृत्यांपेक्षा ते बरं होतं.

मी सुनेत्रा कुलथे. तेव्हा पंचवीस वर्षांची होते, इस्लामपूरची, नवीकोरी इंजिनियर, प्रोबेशनवर. त्या साइटवर आलेली पहिली बाई. आणि ही गोष्ट कोणी तोंडानं ऐकवली नाही तरी डोळ्यांनी रोज ऐकवत, म्हणून मला कायम काहीतरी सिद्ध करून दाखवायचं असे. मामा त्रेपन्न वर्षांचे, कंत्राटावर. कारखाना बंद पडल्यावर दोन वर्षं घरी बसून काढलेली. "घरात बसल्याला मानूस घरच्या कुत्र्यालाबी वळखू येईना झालं हुतं," असं ते एकदा म्हणाले होते, हसत. कोजागिरीला बॅटरीची अंतिम चाचणी होणार होती. ती पार पडली की मामांना कायम करायचं, असा शब्द आमच्या निरगुडकर साहेबांनी सगळ्यांसमोर दिला होता. मामांना दुसरं काही नको होतं. कायम या शब्दावर ते इतके हळुवार बोलत की ऐकणाऱ्याला अवघडल्यासारखं व्हावं.

तर खंडेनवमी. एरवी यंत्रं या दिवशी धुऊन पुसून घेतात. इथं धुण्याचा प्रश्नच नव्हता. मामांनी कोरड्या फडक्यानं आठही पेट्या पुसल्या, कोरडं हळदकुंकू वाहिलं आणि स्वतःच्या बांधावरच्या झेंडूचा लांबलचक हार पॅनेलला बांधला. पॅनेल म्हणजे भिंतीएवढं कपाट, त्यावर दोन ओळींत आठ मीटर. प्रत्येक मीटरखाली एक दिवा, हीटर चालू असला की हिरवा, बंद असला की लाल. हार अंदाजापेक्षा लांब झाला होता. त्याचं एक टोक खालच्या ओळीवर लोंबत राहिलं.

"वरच्या पवनचक्क्यास्नीबी आत्ता बिरेक लावलाय धा मिनटं," मामा म्हणाले. "आज शिवनाच्या मशिनीलाबी थांबा आसतो. ही येकटीच बिचारी तापतीया."

"मग हिलाही थांबवू."

"नगं मॅडम. हिचा सोभाव येगळा हाय. हात जोडलं की झालं."

"पाच मिनिटांनी काही होत नाही हो. पुस्तकात लिहिलंय, तासभर हीटर बंद राहिला तरी चालतं."

पुस्तकात खरंच लिहिलं होतं. पुस्तक मला पाठ होतं. आणि त्या सकाळी मी त्यांच्यावर उगाच ओरडले होते, त्याची भरपाई करायची होती. मला ते आवडत होते, हेही खरं. हीटर बंद केले की भोंगा बोंबलतो, आरतीत व्यत्यय नको, म्हणून मी आधी भोंग्याची किल्ली फिरवून तो बंद केला. मग एकेक करत आठ बटणं दाबली. आठ दिवे लाल झाले. पेट्यांमधली बारीक घुर्र थांबली आणि सड्यावर नुसता वारा ऐकू यायला लागला.

मामांनी नको म्हटलं होतं, पण ती शांतता ऐकून त्यांचा चेहरा उजळला. त्यांनी ताट हातात घेतलं. कंपनीच्या दिवाळी अंकासाठी पुण्याहून फोटो मागवले होते, म्हणून मी माझ्या कॅमेऱ्यात त्यांचा एक फोटो काढला. ताट घेतलेले मामा, मागं झेंडूनं सजलेलं पॅनेल. नारळ फाटकाबाहेर, तुळशीपाशी फोडला. पाण्याचा थेंब आत नको.

मग मी बटणं परत दाबली. दिवे पटापट हिरवे झाले.

"झाक झालं," मामा म्हणाले. "आता उद्या सोनं वाटूस्तवर हाराला हात लावायचा न्हाय. पुजेला मांडलेलं हलवत्यात व्हय?"

त्यांना दसऱ्याची सुट्टी मीच दिली होती. दीड वर्षात त्यांनी घेतलेली ही पहिली सुट्टी. थोरली लेक माहेरी आली होती. ते दुपारी डोंगर उतरून गेले आणि पेट्या माझ्या ताब्यात आल्या.

आकडे पुण्याला आपोआप जायची सोय अजून झाली नव्हती. दिवसातून तीनदा पॅनेलसमोर उभं राहायचं आणि आठ पेट्यांचं तापमान रजिस्टरमध्ये हातानं लिहायचं. रात्री कोणी लागत नसे, काही बिघडलंच तर भोंगा होता. मी संध्याकाळी सहाला गेले. सातव्या पेटीचा मीटर हाराच्या टोकाखाली होता. सकाळी तीनशे दहा होता, मी तीनशे दहा लिहिला. दुसऱ्या दिवशी सकाळी आठला तेच, दुपारी बाराला तेच. हाराला हात लावायचा नाही हे कारण होतंच. पण खरं सांगायचं तर वारा असा झोंबत होता की कधी एकदा केबिनमध्ये जाऊन चहा टाकते असं झालं होतं. दोन बोटांनी फुलं बाजूला सारायला किती वेळ लागतो? मी आज लोकांना औद्योगिक सुरक्षेवर व्याख्यानं देते, आणि हा प्रश्न मी एकदाही विचारत नाही.

दसऱ्याला चारच्या सुमारास मामा आले. पांढराशुभ्र शर्ट, इस्त्रीची घडी तशीच. खिशातून आपट्याची पानं डोकावत होती.

"आदी हिला सोनं दितो, मंग तुमास्नी," ते म्हणाले आणि पॅनेलकडे गेले. मी मागोमाग. त्यांनी नमस्कार केला आणि हार उचलला.

सातवा दिवा लाल होता. मीटरवर एकशे एकाहत्तर.

मला आधी वाटलं मीटर बिघडलाय. मामांनी वाकून पेटीजवळ हात नेला, मग थेट पत्र्याला तळवा टेकवला. रोज त्या पत्र्याला हात लावून धग कळायची. आज पत्रा गार होता. मग मान वर करून त्यांनी भोंग्याच्या किल्लीकडे बघितलं. किल्ली मी काल फिरवली होती तिथंच होती.

सातव्या पेटीचं आवरण आधीपासून कच्चं, ती वाऱ्याच्या तोंडाला. काल दहा वाजता आठांपैकी सातच हीटर चालू झाले होते, सातव्या पेटीचा झालाच नव्हता. मी दिवे मोजले नव्हते.

"मॅडम," मामा हळू म्हणाले, "रजिस्टर बगू."

त्यांनी माझे तीन आकडे वाचले. तीनशे दहा, तीनशे दहा, तीनशे दहा. त्यांची सुट्टी चारपर्यंतच होती आणि संध्याकाळची पाळी त्यांची, म्हणून त्यांनी स्वतःच्या रकान्यात लिहायला पेन उघडलं. मी त्यांचं मनगट धरलं.

"नका लिहू मामा. आज नको. आधी वर आणू."

"साहेबास्नी फोन करा."

"फोन केला तर कोजागिरीची चाचणी रद्द होईल."

"हुंद्या."

"मग तुमचं कायम व्हायचं पत्रही पुढं जाईल. किती पुढं, कोणास ठाऊक."

हे बोलताना माझा आवाज अगदी काळजीचा झाला होता. मामा माझ्याकडे बघत राहिले. त्यांच्या नजरेत राग असता तर मला सोपं गेलं असतं.

"माज्या पत्राचं नांव नगा घिऊ, मॅडम," ते म्हणाले. "सोतासाटी म्हना. म्या न्हाय म्हनार न्हाय."

मी खाली बघितलं. मग म्हणाले, "माझ्यासाठी."

त्यांनी पेनाचं टोपण लावलं. त्यांचा रकाना कोरा राहिला. खोटं लिहायचं नाही आणि खरं लिहू द्यायचं नाही, मग कोराच राहणार.

"गार पडल्याली भट्टी घाईनं पेटवली तर इटा फुटत्यात," मामा म्हणाले. "ही तर मातीची नळी. तासाला दोन अंश, जास्त न्हाय. तीन दिस लागत्याल. म्या बसतो हितं. पन येक शबूद द्या. तापली तरी हिला जोडायची न्हाय. साहेबास्नी सांगितल्याबिगर न्हाय. बाकीच्या सात पेट्यांवर चाचनी द्या, ही दुरुस्तीला हाय म्हना."

"दिला शब्द."

त्यांनी केबिनमध्ये जाऊन शर्ट बदलला, खाकी चढवली आणि पांढऱ्या शर्टाची नीट घडी घालून तो पिशवीत ठेवला. मला सोनं द्यायचं राहून गेलं. त्यांच्याही लक्षात आलं नाही आणि माझ्याही.

तीन दिवस मामा पॅनेलसमोर स्टूल टाकून बसले. लेक माहेरी आलेली, तिला परत जाताना भेटलेसुद्धा नाहीत. तासातासाला हीटरचा काटा दोन अंशांनी सरकवायचे आणि पेटीला कान लावायचे. मी विचारलं, काय ऐकता? म्हणाले, "तडकलं तर कळंल." तडकल्याचा आवाज आला नाही. चौथ्या दिवशी दुपारी सातवी पेटी तीनशे सातवर होती आणि दिवा हिरवा होता. मामांचे डोळे सुजले होते. मी म्हणाले, बघा, काही झालं नाही. त्यांनी परत पेटीला कान लावला.

कोजागिरीला सकाळी दहाला पाहुणे आले. वीज मंडळाचे दोघं, पेट्या बनवणाऱ्या कंपनीचा एक गोरा माणूस आणि निरगुडकर साहेब. साहेब आल्याआल्या पॅनेलसमोर उभे राहिले.

"आठ हिरवे. व्वा! कुलथे, शाब्बास!"

ते वाक्य तिथंच अडवायला हवं होतं. साहेब, सातवी जोडायची नाहीये. चार शब्दांचं काम. मामा दाराशी उभे होते, खाकीत, हात मागं बांधून. ते माझ्याकडे बघत होते. वीज मंडळाचे साहेब म्हणाले, "मॅडम स्वतः सुरू करणार का?" सगळे हसले, कौतुकानं. मी आठही पेट्यांचे खटके वर केले. सातव्या खटक्यावर माझा हात थांबला होता का? मला आठवतं की थांबला होता. पण माणूस स्वतःच्या बाबतीत असल्या गोष्टी सोयीनं आठवतो.

मामांनी मान फिरवली आणि ते बाहेर निघून गेले. मला वाटलं, रागावून गेले. ते कोपऱ्यातल्या कोरड्या वाळूच्या ढिगाकडे गेले होते. ढिगावरची ताडपत्री काढून ठेवायला.

साडेबाराला वास आला. फटाक्यांच्या दारूचा वास. मग सातव्या पेटीच्या सांध्यातून पांढरा धूर, आणि आत निळी ज्योत, तिच्यात मध्येच पिवळीधमक. पाहुणे मागं पळाले. मी खटके पाडले, सगळे. भोंगा या वेळी वाजला. त्या दिवशी त्याची किल्ली जागेवर होती.

मामा घमेलं घेऊन केव्हाच पुढं झाले होते. तोंडाला पंचा बांधलेला. वाळू टाकत होते आणि ओरडत होते, "सातवी-आटवीच्या मदी टाका! मदी टाका!" वॉचमन, दोन वायरमन आणि मी घमेली भरत होतो. धूर घशात गेला की श्वास अर्ध्यातच तुटायचा. तेवढ्यात फाटकाशी गलका झाला. खाली रस्त्याचं काम चालू होतं, तिथला पाण्याचा टँकर घेऊन गावची माणसं वर आली होती. आग दिसली की पाणी घेऊन धावणं, यात त्यांची काय चूक? वीसपंचवीस जण होते. एकानं पाइप सोडवलासुद्धा.

मामा घमेलं टाकून फाटकाकडे पळाले आणि टँकरसमोर हात पसरून उभे राहिले.

"मागं घ्या! पानी नगं!"

"अरं हणमा, डोकं फिरलं का काय? जळतंय समदं!" पाइपवाला मामांवर ओरडला.

"पानी घालशिला तर हितलं कुनी घरी जानार न्हाय! मागं घे म्हनतो न्हवं!"

पाइपवाल्याला दम निघेना. त्यानं तोटी सोडली. मामांनी दोन्ही हातांनी पाइपचं तोंड दाबून धरलं आणि अंगानं ते बाहेरच्या बाजूला वळवलं. पाणी त्यांच्या तोंडावर, छातीवर, तुळशीच्या डब्यावर उसळलं, आणि डबा गडगडत गेला. मग कोणीतरी तोटी बंद केली. मामा ओलेचिंब झाले होते. ते कुंपणाबाहेरच खाली बसले आणि मला म्हणाले, "मॅडम, आता म्या आत येऊ शकत न्हाय. ओला हाय. तुमी टाका वाळू."

आग तीन तासांनी विझली. सातवी आणि आठवी पेटी गेली, बाकीच्या सहा वाचल्या, आणि एक माणूसही दगावला नाही. मामा अकरा दिवस कऱ्हाडच्या दवाखान्यात होते. छातीत धूर भरला होता. मी दोनदा भेटायला गेले. आम्ही जेवणाबद्दल बोललो.

दिवाळी झाल्यावर चौकशी बसली, साइटवरच्याच केबिनमध्ये. निरगुडकर साहेब आणि पुण्याहून आलेले दोघं. आधी मला बोलावलं. टेबलावर रजिस्टर उघडं होतं आणि शेजारी दिवाळी अंक. त्यात मी काढलेला फोटो छापला होता. चकचकीत कागदावर ताट घेतलेले शेडगे मामा, आणि त्यांच्या मागं लाल दिव्यांची ओळ.

त्या फोटोत मी नव्हते, कारण फोटो मी काढला होता.

"हीटर बंद दिसतात," पुण्याचे एक जण म्हणाले. "खंडेनवमीची ही पूजा कोणी केली?"

"शेडगे मामांनी," मी म्हणाले. "गेल्या वर्षीही त्यांनीच केली होती."

"हीटरची बटणं दाबायचं काम कोणाकडे असतं?"

"ड्युटीवर असेल त्याच्याकडे."

दोन्ही उत्तरं खरी होती. एकही शब्द खोटा नव्हता. त्यांनी रजिस्टर माझ्याकडे वळवलं. माझ्या रकान्यात आकडे होते, सुवाच्य अक्षरात. मामांचा दसऱ्याचा रकाना कोरा होता.

"हा माणूस दसऱ्याला कामावर होता ना? काहीच लिहिलेलं नाही."

मी काही बोलले नाही. त्यांनी ते माझ्या भिडस्तपणाच्या खात्यात जमा केलं. निरगुडकर साहेब तर म्हणाले, "कुलथे, तुम्हाला त्यांच्याबद्दल आदर आहे, समजू शकतो."

मग मामांना आत बोलावलं. मी बाहेर कठड्यापाशी उभी राहिले. मनातल्या मनात मी ठरवलं होतं की त्यांनी माझं नाव घेतलं तर मी सरळ कबूल करायचं, सगळं, तीन खोटे आकडे, मोडलेला शब्द, सगळं. ते नाव घेतील असं मला वाटत होतं. घ्यावं, असंही वाटत होतं. मला कबूल करायचं होतं, फक्त सुरुवात दुसऱ्या कोणीतरी करून द्यायला हवी होती. इतकी मी भित्री होते.

दहाच मिनिटांत निरगुडकर साहेब सिगारेट ओढायला बाहेर आले.

"गमतीशीर माणूस आहे," ते म्हणाले. "विचारलं, हीटर कोणी बंद केले? तर उलट आम्हालाच विचारतो, मॅडम काय म्हनाल्या? सांगितलं. तर म्हणतो, मंग तसंच आसंल."

"पुढं काय, साहेब?"

"काय पुढं? कंत्राटी माणूस. उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं. आग विझवली म्हणून पोलिसात देत नाही आहोत, एवढंच." त्यांनी सिगारेट विझवली आणि आत गेले. जाताजाता म्हणाले, "तुमचं कन्फर्मेशन मी आजच पाठवतोय."

कायम झाले ती मी.

मामा बाहेर आले. तोच पांढरा शर्ट घातला होता, दसऱ्याचा. चौकशीला यायचं म्हणून चांगला शर्ट. चालताना मध्येच थांबून खोकत होते. फाटकाबाहेर कोणीतरी तुळशीचा डबा उभा करून ठेवला होता, आतली माती अर्धी सांडलेली. मामांनी वाकून बोटांनी माती सारखी केली. मी त्यांच्याजवळ गेले. काय बोलायचं ते ठरलेलं नव्हतं.

"मामा..."

"हिला पानी घालत जावा," ते म्हणाले. "ही पाटीच्या भाईर हाय."

मग पिशवी खांद्यावर अडकवताना त्यांचा हात खिशाला लागला. त्यांनी खिसा चाचपला आणि आतून काहीतरी काढलं. आपट्याची पानं. वाळून तपकिरी झाली होती, कडा मोडल्या होत्या.

"दसऱ्यापासनं घडी मोडली न्हवती शर्टाची," ते म्हणाले, स्वतःशीच आश्चर्य करत. "तुमास्नी द्यायचं ऱ्हाऊनच गेलं बगा त्या दिशी."

त्यांनी त्यातलं एक बऱ्यापैकी अख्खं पान निवडलं आणि माझ्यापुढं धरलं.

"सोनं घ्या, मॅडम. सोन्यावानी ऱ्हावा."

मी त्यांच्या चेहऱ्यावर टोमणा शोधला. आजही कधीकधी शोधते. नव्हता. त्यांना द्यायचं होतं, राहिलं होतं, म्हणून ते देत होते.

मी पान घेतलं. लहानानं सोनं घेतलं की वाकून नमस्कार करायचा असतो. मला घरी शिकवलं होतं, आणि त्या क्षणी माझे गुडघे खरोखरच वाकू लागले होते. पण केबिनच्या खिडकीत निरगुडकर साहेब उभे होते आणि आमच्याकडे बघत होते.

मी ताठ उभी राहिले. मामा क्षणभर थांबले, रीतीप्रमाणे, मग पिशवी सावरून डोंगर उतरायला लागले.